पहिले बावीस सेकंद

६ फेब्रुवारी, गुरुवार

धाकटा आज खोकं घेऊन आला. त्रेसष्ट वर्षांचा माझा भाऊ, उरलेल्या केसांची मागे शेपटी, अंगात काळा टी-शर्ट — आणि दारातूनच ओरडतो, "ताई, आज तुझी सुटका नाही!" हा माणूस हळू बोललेला मला आठवत नाही. पस्तीस वर्षं वर्तमानपत्राच्या छापखान्यात मशीनशेजारी उभा राहिला. कानात घालायला मी बोळे आणून दिले होते, एकदा नाही, पाचदा. "मशीन कसं चाललंय ते कळायला नको?" म्हणायचा. आणि घरी येऊन पुन्हा तेच — हेवी मेटल!

खोक्यात पत्त्यांच्या कॅटाएवढं यंत्र आणि वाट्यांएवढ्या कपांचा हेडफोन. यंत्रात एकच अल्बम भरून आणलाय. तोच! कव्हरवर काळं दार आणि दाराला तुटलेली कडी. आम्ही एका घरात राहत होतो तेव्हा रोज संध्याकाळी त्याच्या खोलीतून हाच यायचा. मी भिंतीच्या अलीकडे परीक्षेचा अभ्यास करायचे आणि पायातली सपात काढून भिंतीवर हाणायचे.

"अगं, तेव्हा घासलेली कॅसेट होती. हे हाय-रेझोल्यूशन आहे! मूळ टेपवरून नव्याने काढलेलं. चोवीस बिट, एकशे ब्याण्णव—"

"माणसाचा कान वीस हजार हर्ट्झपुढे ऐकत नाही," मी म्हटलं. "तेही लहानपणी. तुझ्या वयात दहा हजार मिळाले तरी नशीब समज. वरचं सगळं तू वटवाघळांसाठी विकत घेतलंयस."

चौतीस वर्षं हॉस्पिटलात लोकांचे कान तपासले मी. मला कोणी आकडे सांगू नयेत.

तो हसला. निघताना चपला घालता घालता म्हणाला, "ताई, तू हा अल्बम कधी ऐकलाच नाहीस. तू भिंत ऐकलीस."

 आकड्यांपेक्षा या वाक्याचा जास्त राग आला.

७ फेब्रुवारी, शुक्रवार

फसवणूक आहे ही! शुद्ध फसवणूक!

दुपारी खिडकीजवळच्या खुर्चीत बसले. कॉफी घेतली. हेडफोन चढवला, बटण दाबलं. काही नाही. वायर काढली, परत लावली. काही नाही. यंत्रावरचे सेकंद पळताहेत, गाणं चालू आहे म्हणे, आणि कानात स्मशानशांतता. आवाज वाढवत नेला, वाढवत नेला — आणि बाविसाव्या सेकंदाला गिटारी अशा कोसळल्या की अर्धी कॉफी मांडीवर.

पहिले बावीस सेकंद कोरे! चार वेळा तपासलं. आणि याला म्हणे हाय-रेझोल्यूशन. हे म्हणजे पुस्तक सोनेरी कागदावर छापायचं आणि पहिलं पान विसरायचं.

पुढचं ऐकलं, ते केवळ तक्रार पुराव्यानिशी करावी म्हणून. गायकाबद्दल काय बोलावं? त्या माणसाला कोणीतरी पाणी द्या! एक शब्द कळला असेल तर शपथ. अलीकडे स्पष्ट बोलणं हा गुन्हाच झालाय. बातम्या वाचणारी ती मुलगीसुद्धा तोंडात सुपारी धरल्यासारखी बोलते.

पण एक गोष्ट लिहून ठेवते, इथे कोण वाचणार आहे? तिसऱ्या गाण्यात दोन गिटारी आहेत. वरची नाचते, मिरवते. खालची तिच्या बरोबर तीन पायऱ्या खाली चालते, मुकाट्याने, एक पाऊल न चुकता. कॉन्व्हेंट शाळेच्या गायनवर्गात सिस्टरनी मला कायम खालच्या सुरात उभं केलं. कौतुक वरच्यांचं व्हायचं. सिस्टर म्हणायच्या, तू हललीस तर सगळ्या पडतील. ती खालची गिटार मी दोनदा ऐकली.

लगेच अल्बम विकणाऱ्या कंपनीला पत्र लिहिलं. इंग्रजीत. सिस्टरनी शिकवलं होतं, तक्रार लिहिताना आवाज चढवायचा नाही, पाठ ताठ ठेवायची. तीन परिच्छेद. दुसऱ्यात त्यांना रडू यायला हवं.

९ फेब्रुवारी, रविवार

लेक बोलत नाही माझ्याशी. म्हणजे बोलते, पण परक्या बाईशी बोलावं तशी.

झालं ते असं. शुक्रवारी पत्र लिहून मी भांडी घासायला घेतली. नात — पाच वर्षांची, आम्ही तिला चिमणी म्हणतो, रोज शाळा सुटली की साडेपाचपर्यंत माझ्याकडे असते — ती बाथरूममध्ये गेली आणि आतली कडी अडकली. लेक न्यायला आली तेव्हा पोर आत जमिनीवर बसून हुंदके देत होती. घसा बसलेला. "आजी, आजी" करून. वीस मिनिटं, म्हणे.

"आई, तू दहा पावलांवर होतीस!"

"नळ चालू होता."

"मला जिन्यात ऐकू आलं!"

चिमणी बोलते कुठे, पुटपुटते! बारीक आवाज, मान खाली. मी हजार वेळा सांगितलंय, तोंड उघडून बोल. आता खापर माझ्यावर. सोमवारपासून तिला पाळणाघरात घालायचं म्हणते लेक. माझी नात, मी घरात धडधाकट असताना — पाळणाघरात!

आणि जाता जाता हळूच, "आई, एकदा कान तपासून घेशील?"

मला! हे मला सांगते!

११ फेब्रुवारी, मंगळवार

गेले. तपासून घेतले. हा घ्या कागद!

दोन्ही कान, सगळे सूर, सगळ्या खुणा वरच्या रेघेत. उजव्याचे लाल गोल, डाव्याच्या निळ्या फुल्या. वयाच्या मानाने उत्तम. माझ्याच हाताखाली शिकलेली मुलगी आहे आता त्या खोलीत. ती म्हणाली, "मॅडम, तुमचे कान माझ्याहून चांगले!"

खोली तशीच आहे. कापूस भरलेल्या भिंती, जाड दार, हातात बटण. सूर ऐकू आला की दाबायचं. मधल्या काचेला काळा कागद लावा म्हणून मी नोकरीत असताना चार अर्ज केले होते, कारण तपासणाऱ्याचा हात त्या काचेतून पेशंटला दिसतो. अजून लावलेला नाही! आज मला तिचं प्रत्येक बोट दिसत होतं. पाचवा अर्ज करायला हवा. निवृत्त माणसाला करता येतो का बघते.

क्रमही तोच. हजार, दोन हजार, चार, आठ. ऐकू आलं की आवाज दहा पायऱ्या खाली, नाही आलं की पाच वर. झोपेतसुद्धा सांगेन.

कागद लेकीसमोर टेबलावर ठेवला. तिने दोनदा वाचला. "सॉरी, आई," म्हणाली. उद्यापासून चिमणी परत माझ्याकडे.

१३ फेब्रुवारी, गुरुवार

धाकट्याशी कडाक्याचं भांडण.

मी कंपनीच्या फसवणुकीबद्दल सांगितलं. त्याने असं पाहिलं, जणू मी त्याच्या लग्नाला गेलेच नव्हते म्हटलं.

"कोरे? ताई, त्या बावीस सेकंदांसाठी लोक वेडे होतात! सुरुवातीला नुसती सिम्बल आहे!"

सिम्बल म्हणजे ड्रमशेजारी टांगलेली पितळेची ताटली. ड्रमवाला म्हणे तिच्या कडेवर फक्त नखाने वाजवतो. आधी अगदी हळू, मग वाढत वाढत.

"तुझ्या डोक्यात वाजतं ते," मी म्हटलं.

"दे इकडे!" हेडफोन चढवला, डोळे मिटले. गाणं ऐकताना हा नेहमी डोळे मिटतो, लहानपणी आई म्हणायची झोपलाय की भजतोय ते कळत नाही. बटण मीच दाबलं. लगेच त्याचं बोट हवेत नाचायला लागलं. टिक्, टिक्, टिक्. बाविसाव्या सेकंदाला मूठ आपटली — बरोब्बर तेव्हाच गिटारी आल्या, कपांमधून बाहेरपर्यंत.

"हे काय, ढळढळीत वाजतंय! काय ती चकाकी! कॅसेटवर हे कधी नव्हतं!"

"मग तुझ्यासाठी वेगळं वाजतं आणि माझ्यासाठी वेगळं?"

"तूच सांग. तू कानाची डॉक्टर."

"मी डॉक्टर नव्हते. टेक्निशियन होते. आणि बावीस सेकंद कोरे आहेत!"

चहा न घेता गेला. जाऊ दे. हट्टी. कोणावर गेलाय देव जाणे.

१४ फेब्रुवारी, शुक्रवार

आज चिमणी तीन तास होती. कागदावर घर काढलं. मला काहीतरी विचारलं, मी "हो हो" म्हटलं. ती बघत राहिली. मग परत रंगवायला लागली.

प्रश्नाचं उत्तर "हो" नव्हतं, एवढं कळलं.

१७ फेब्रुवारी, सोमवार

कंपनीचं उत्तर आलं. सभ्य आहे. "आदरणीय मॅडम, आम्ही फाइल तपासली. सिम्बलचा आवाज पहिल्या सेकंदापासून आहे. आपल्या माहितीसाठी आलेख सोबत जोडत आहोत."

आलेख छापून आणला. आडव्या रेघेवर वेळ, उभ्यावर सूर. शून्यापासून बावीसपर्यंत खाली सगळं मोकळं. आणि वर, सहा हजारांच्या वर, बारीक बारीक दात. एकसारखे. शेकडो.

हा कागद मला वाचता येतो. चौतीस वर्षं हेच केलं.

१८ फेब्रुवारी, मंगळवार

काही लिहायचं नाही आज.

१९ फेब्रुवारी, बुधवार

लिहायचं.

पेशंट वाद घालायचे. घरचेच हळू बोलतात, टीव्ही खराब आहे, बायको मुद्दाम पुटपुटते. मी कागद पुढे सरकवायचे आणि म्हणायचे, "काका, हा खोटं बोलत नाही. याची कोणाशी भाऊबंदकी नाही." किती टेचात म्हणायचे!

सहा हजारांच्या वर मला काही येत नाही. कदाचित चारच्याही वर. म्हणून ताटली नाही. म्हणून "स", "श", "फ" नाहीत, नुसते स्वर येतात — त्या बातम्यांवाल्या मुलीच्या तोंडात सुपारी नाही. वॉशिंग मशीन धुणं झालं की वाजत नाही म्हणून मी मेकॅनिकला दोनदा परत पाठवलं. बिचारा मशीनशेजारी उभा राहून म्हणत होता, "वाजतंय की, मावशी." मी म्हटलं, कोणाची मावशी?

आणि चिमणीचा आवाज. सगळ्यात वरचा.

मग हॉस्पिटलातला कागद कसा आला? आला, कारण मी सूर ऐकलेच नाहीत. मी तिचा हात बघितला. काचेतून. तिचं बोट खाली गेलं की माझं बोट खाली. आणि क्रम पाठ. मुद्दाम नाही केलं, देवाशपथ. मला खरंच वाटत होतं की ऐकू येतंय. असे पेशंट मी स्वतः पकडलेत! रागावलेय त्यांच्यावर!

आणि त्या कागदावर माझ्या लेकीने आपली पोर माझ्या हवाली केलीय. पाच वर्षांची. गॅस आहे घरात. जिना आहे. बाथरूमची कडी आहे.

सांगितलं नाही तर कोणाला कळणार नाही. धाकट्यालासुद्धा नाही. हाही विचार आला. दोन तास आला.

मग लेकीला फोन केला. ऑफिसात होती.

 मला वाटलं फोन कटला. मग म्हणाली, "आई, तू हे आपण होऊन सांगतेयस?"

"मग काय वॉशिंग मशीन सांगणार?"

हसली की रडली, कळलं नाही. कळणार कसं?

उद्यापासून चिमणी पाळणाघरात. मीच म्हटलं. तिने "कानाचं यंत्र लागलं की बघू" म्हटलं. तसं दोनदा म्हणाली, मला ऐकू जावं म्हणून.

२१ फेब्रुवारी, शुक्रवार

पुन्हा त्याच खोलीत. मुलीला म्हटलं, "खुर्ची फिरव. माझी पाठ काचेकडे. क्रम मोडून वाजव. आणि मधूनमधून काहीच वाजवू नकोस."

"मॅडम, तुमच्यावर हे—"

"माझ्यावरच!"

ही युक्ती मीच तिला शिकवली होती. काही न वाजवता नुसतं थांबायचं. पेशंटने तरीही बटण दाबलं, तर समजायचं तो कानाने ऐकत नाहीये, आठवणीने ऐकतोय.

मी सात वेळा दाबलं. शांततेवर. सात वेळा!

कागद हातात दिला तिने, खाली बघत. दोन हजारांपर्यंत सरळ, आणि मग जिन्यावरून गडगडत गेल्यासारखी रेघ. दोन्ही कान. निव्वळ वय. म्हटलं, "अगं, तोंड का पाडतेस? छान काढलायस. तेवढी फुली तिरकी आलीय."

तेव्हा कुठे हसली. मग एकदम म्हणाली, "त्या दिवशी मी हात लपवायला हवा होता. तुम्ही आहात म्हणून लक्ष नाही दिलं."

"मी आहे म्हणूनच द्यायचं," म्हटलं. दोघींनी मिळून पाचवा अर्ज लिहिला. काळ्या कागदासाठी.

२७ फेब्रुवारी, गुरुवार

धाकटा आला. सगळं सांगितलं. मला वाटलं होतं, नाचेल. म्हणेल, बघ, मी म्हणत नव्हतो?

तसं काही म्हणाला नाही. हेडफोनची वायर नीट गुंडाळत बसला. मग त्याच्या त्या छापखान्याच्या आवाजात, "ताई, भिंत पडेल. मी आहे ना."

मूर्ख. डोळे भरून आले माझे. भिंत सपातेने पाडणार का?

४ मार्च, मंगळवार

यंत्रं लागली. कानामागे दोन, भाजलेल्या शेंगदाण्याएवढी.

भयंकर! जग इतकं कर्कश होतं? कागद कडाडतो. माझ्याच सपाता जमिनीवर खरवडत चालतात, मागे कोणी येतंय म्हणून दोनदा वळले. चमचा बशीवर ठेवला, दचकले. फ्रिज सतत कोणाबद्दल तरी कुरकुरतो. आणि मी स्वतः! माझा "स" ऐकला. शिट्टीसारखा. इतकी वर्षं लोक हे सहन करत होते?

हॉस्पिटलातल्या मुलीने बजावलंय, आठवडाभर घरातले साधे आवाज ऐका, हेडफोनला हात लावायचा नाही. मी पेशंटना हेच सांगायचे. पेशंट ऐकायचे नाहीत. मी ऐकणार. दात-ओठ खात ऐकणार.

६ मार्च, गुरुवार

वॉशिंग मशीन वाजतं! तीनदा! गोड आवाज आहे, एखाद्या लाजऱ्या मुलीने दार वाजवावं तसा.

धाकटा बसला होता तेव्हाच वाजलं. मी उठले.

"कुठे चाललीस?"

"कपडे झाले."

"कशावरून?"

मला वाटलं चेष्टा करतोय. "चेष्टा पुरे," म्हटलं. मग चहाची शिट्टीवाली किटली कोकलायला लागली, शेजारी बसूनही हा ढिम्म. अख्खी वाफ जाईपर्यंत. पुरुषांना किटली कधी ऐकू आलीय? मीच धावले.

मेकॅनिकला फोन करून माफी मागितली. तो म्हणाला, "असू दे, मावशी." असू दे. मावशी तर मावशी.

८ मार्च, शनिवार

लेक चिमणीला घेऊन आली. "तासभर," म्हणाली. स्वतः स्वयंपाकघरात भाजी निवडत बसली. पहारा. बसू दे, मी तिच्या जागी असते तर मीही बसले असते.

मी खिडकीशी बसून मोज्याचं भोक शिवत होते. चिमणी पाठीमागे. आणि मागून, बारीक, काचेसारखा स्वच्छ आवाज —

"आजी बटाटा आहे."

मी शिवतच राहिले.

"आजी म्हातारा बटाटा आहे. आजीला डोळे फुटलेत."

मी वळले. "कोणाला डोळे फुटलेत?"

पोरीचं तोंड उघडं ते उघडंच. मग पळाली. आईच्या मागे लपून ओरडते, "आजी चालू झाली! आई, आजी चालू झाली!"

चौकशी केल्यावर कळलं, दोन महिने चाललं होतं हे. रोज. आधी "आजी, मला पाणी", "आजी, हे बघ" म्हणून बघायची. मी वळले नाही की मग बटाटा. नंतर पाणी मागणंच सोडलं होतं तिने, थेट बटाटा.

लेक इतकी हसली की भाजीची टोपली सांडली. खूप दिवसांनी अशी हसली. निघताना म्हणाली, "सोमवारपासून पाठवते. कडी मात्र काढून टाक."

कडी कालच काढलीय. स्क्रू माझ्या पेल्यात आहेत.

११ मार्च, मंगळवार

आठवडा झाला. परवानगी मिळाली. कप मोठे आहेत, यंत्रावरून बसतात, जरा सरकवले की शिट्टी येत नाही.

तीच खुर्ची. कॉफी घेतली नाही, शहाणपण आलंय. बटण दाबलं.

आहे.

पहिल्या सेकंदापासून आहे! काळोखात कोणीतरी काड्यापेटी हलवून बघावी, काडी उरलीय का — तसं. टिक्. टिक्. पितळेवर नख, अगदी कडेला. मग ते नख धीट होत जातं. ताटलीच्या मधोमध सरकतं, आवाज पसरतो, आणि मग ते वाजवणं राहतच नाही, नुसता उजेड होत जातो — आणि बाविसाव्या सेकंदाला दार उघडतं. ते कव्हरवरचं काळं दार आज कळलं मला. शिव्या देत होते त्याला.

आणि गायक ओरडत नाहीये! शब्द आहेत! चांगले उच्चार आहेत मेल्याचे, सिस्टरनी पाठ थोपटली असती.

ते बावीस सेकंद अकरा वेळा ऐकले. भिंतीच्या अलीकडे बसून सपाता मारणारी ती मुलगी आठवली. जड आवाज तेवढे भिंतीतून येतात, बारीक सगळे पलीकडेच राहतात. तेव्हा भिंत विटांची होती. नंतर ती माझ्याबरोबर घर बदलत आली आणि मला पत्ता नाही.

वटवाघळांचे सूर अजूनही नाहीत. यंत्रसुद्धा आठ हजारांपाशी थकतं. चालेल. धाकट्याला ते पुढचे एक लाख लखलाभ.

कंपनीला माफीचं पत्र लिहिलं. पाठ ताठ ठेवून माफीही मागता येते. शेवटी एक छोटी तक्रार घातली — सहाव्या गाण्यात खालची गिटार फारच दाबलीय. ती हलली तर सगळे पडतील, त्यांना कोणीतरी सांगायला हवं.

गुरुवारी धाकटा येईल. मीच त्याला ऐकवणार. ऐकताना त्याचं तोंड बघायचंय मला. आणि सहज मनात आलं, किटली इतकी कोकलत होती. त्याच्या कोपरापाशी.

१३ मार्च, गुरुवार

हेडफोन आज मी माझ्या हाताने त्याच्या डोक्यावर चढवला. त्याने डोळे मिटले. लगेच बोट हवेत नाचायला लागलं. टिक्, टिक्, टिक्. चेहरा असा उजळला की काय सांगू. "ऐकलीस ना, ताई? ही! हीच ती चकाकी!"

हॉस्पिटलातल्या मुलीला फोन केलाय. उद्या साडेनऊ. खुर्ची फिरवून ठेव म्हटलं. मी बरोबर जाणार.

मी अजून बटण दाबलंच नव्हतं.